इंदूरहून एका दिवसात महू आणि मांडू : गाइड घेऊन फिरायचं असेल तर

इंदूरच्या मराठी घरांत पुण्या-मुंबईचे पाहुणे आले की दोन दिवस राजवाडा, सराफा आणि छप्पन दुकान या खाऊच्या बाजारात जातात आणि तिसऱ्या दिवशी मांडू निघतं. मांडू, म्हणजे आपल्या बखरींमधला मांडवगड, साधारण शंभर किलोमीटरवर आहे. वाटेत इंग्रजांनी वसवलेली महूची छावणी लागते. दोन्ही एका दिवसात होतात, पण सगळं बघायचं म्हणाल तर काहीच नीट बघून होत नाही. मांडूच्या पठारावर लहानमोठे कितीतरी महाल, मशिदी, मकबरे, बावड्या आणि तलाव पसरलेले आहेत. पहिल्यांदा जाणाऱ्याने त्यांतले तीन गट निवडावेत (जहाज महाल, जामी मशिदीचा परिसर आणि रूपमतीचा मंडप), महूला दीड तास द्यावा आणि बाकीचं खुशाल सोडून द्यावं. ओंकारेश्वर, महेश्वर आणि मांडू असं एका दिवसाचं पॅकेज कोणी विकत असेल, तर त्यात मांडूच्या वाट्याला दीड तास येतो. ते घेऊ नका.

गाडी ठरवताना

चार-पाच जण असाल तर अर्टिगासारखी गाडी पुरते. सहा-सात जण आणि त्यांत आजी-आजोबा असतील तर इनोव्हा बरी. शहराबाहेरच्या टॅक्सीचा हिशेब किलोमीटरवर असतो आणि बहुतेक जण दिवसाला किमान २५० किलोमीटर धरतात. जाताना महू आणि येताना धार असा फेरा २१०-२२० किलोमीटरच्या आसपास होतो, तरी पैसे २५०चेच लागतात. समजा दर किलोमीटरला १४ रुपये ठरला, तर गाडीचे ३,५०० झाले. त्यावर टोल, पार्किंग आणि ड्रायव्हरचा भत्ता. हे तिन्ही आत धरलेत की बाहेर, हे फोनवर न बोलता मेसेजवर लिहून घ्या. संध्याकाळी घराच्या दारात होणारे वाद बहुतेक याच तीन गोष्टींवरून होतात.

गाडीची नंबर प्लेट पिवळी असली पाहिजे. पांढऱ्या प्लेटची खासगी गाडी भाड्याने स्वस्त पडते, पण वाटेत तपासणी झाली तर अडकते आणि अपघात झाला तर विमा कंपनी हात वर करते. ड्रायव्हर मांडूला आधी जाऊन आला आहे का, हेही विचारा. रस्ता मोबाइल दाखवतो, पण पार्किंग कुठे आणि कोणत्या दारासमोर उतरवायचं हे माहीत असलेला ड्रायव्हर अर्धा तास वाचवतो.

बसने जाणाऱ्यांना गंगवाल बसस्टँडवरून धारकडे जाणाऱ्या बसेस मिळतात, धारहून पुढे मांडू. एकट्या-दुकट्याला ते जमण्यासारखं आहे, पण त्या दिवसात महू बसत नाही आणि परतीच्या बसकडे डोळे लावून मांडू बघावं लागतं.

गाइड कुठून घ्यायचा

दोन मार्ग आहेत. इंदूरहूनच गाइड सोबत घेऊन निघणं, किंवा मांडूत पोहोचल्यावर तिथला गाइड घेणं. आमचं मत दुसऱ्या बाजूला झुकतं. दिवसभराचा गाइड गाडीतली एक जागा आणि जेवणही घेतो. शिवाय मांडूच्या धुक्याची, गर्दीची, कोणता जिना बंद आहे याची खबर तिथल्याच माणसाला असते. महूसाठी गाइडची गरज नाही, खाली दिलेलं पुरेल.

जहाज महालाच्या तिकीट खिडकीजवळ आणि जामी मशिदीसमोरच्या चौकात गाइड भेटतात. शासनमान्य गाइडकडे फोटोचं ओळखपत्र असतं, ते आधी बघा. मग तीन गोष्टी पक्क्या करा. पहिली, पैसे कशाचे : एकट्या जहाज महाल परिसराचे, की तिन्ही गटांचे? सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो. पाहुणे अख्ख्या मांडूचे पैसे समजून बसतात आणि गाइड पहिल्या गटानंतर नमस्कार करून निघतो. दुसरी, वेळ : निदान पाच तास. तिसरी, रूपमतीपर्यंत तो तुमच्या गाडीत बसून येणार की स्वतःच्या मोटारसायकलवर? गाडी आधीच भरलेली असेल तर हा प्रश्न नंतर अवघड होतो.

भाषा हिंदीच असेल. मराठी समजणारे भेटतात, सफाईने बोलणारे क्वचित. एका गाइडमागे आठ-दहा माणसं ठीक. त्याहून मोठा गट असेल तर दोन गाइड घ्या, नाहीतर मागच्या चौघांना फक्त त्याची पाठ दिसते.

गाइड चांगला आहे का, हे पैसे ठरवण्याआधीच कळू शकतं. त्याला विचारा, "बाज बहादूरचा महाल कोणी बांधला?" 'बाज बहादूरने' असं उत्तर आलं तर दुसरा बघा. तिथल्या शिलालेखानुसार तो महाल १५०८-०९ च्या सुमाराचा, सुलतान नासिरुद्दीन खिलजीच्या काळातला आहे. बाज बहादूर हा माळव्याचा सुलतान, तो गादीवर आला १५५५ च्या आसपास. ज्याला हे ठाऊक आहे, तो बाकीचंही बरंच सांगेल. त्याच्या राणी रूपमतीची कथा तर सगळेच सांगतात.

कधी जायचं

जुलै ते सप्टेंबर मांडू हिरवंगार असतं आणि तलाव भरलेले असतात. जहाज महाल जहाजासारखा दिसतो तो याच दिवसांत. उन्हाळ्यात दोन्ही बाजूंचं पाणी आटलं की तो नुसता लांबलचक वाडा. मात्र पावसाळ्यात सकाळी दाट धुकं उतरतं आणि दहा पावलांवरचा घुमट दिसत नाही. ऑक्टोबर ते फेब्रुवारी हवा स्वच्छ आणि चालणं सुखाचं. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीपार जातो. दगडी गच्चीवर दुपारी उभं राहणं शक्य नसतं.

पावसाळ्यातले रविवार आणि १५ ऑगस्ट टाळाच. नालछ्यापुढे घाटाचा रस्ता सुरू होतो, जुन्या दरवाजांपाशी तो अरुंद होतो आणि गाड्यांची रांग काकडा खोहच्या दरीपर्यंत मागे लागते. महूत १४ एप्रिलच्या आगेमागे देशभरातून लाखो लोक येतात, रस्ते वळवले जातात. आंबेडकर जयंतीसाठी जायचं असेल तर तो दिवस फक्त त्यासाठीच ठेवा, मांडू त्यात घालू नका.

सकाळ : महू

साडेसहाला निघा. राजेंद्रनगर-राऊच्या बाजूला राहणाऱ्यांना शहरात उलटं बोलवू नका. त्यांना राऊ सर्कलला घ्या. सव्वासातच्या सुमारास महूत पोहोचाल. पोहे-जिलबी तिथेच खा, इंदूरमध्ये थांबलात तर पाऊण तास गेला म्हणून समजा.

महू सकाळीच का, तर संध्याकाळसाठी ठेवलं की ते हमखास सुटतं. मांडूहून निघायला उशीर होतो, अंधार पडतो, मुलं झोपतात. उन्हाळ्यात मात्र क्रम उलटा करा : पहाटे पाचला थेट मांडू आणि दुपार उतरल्यावर महू.

छावणी इथे का आली, हे समजून घेतलं तर रस्ते बघायला मजा येते. २१ डिसेंबर १८१७ ला महिदपूरला होळकरांचा पराभव झाला. ६ जानेवारी १८१८ ला मंदसौरचा तह झाला. त्यानंतर होळकरांची राजधानी इंदूरला आली, इंग्रज रेसिडेंट, म्हणजे दरबारातला त्यांचा प्रतिनिधी, इंदुरातच बसला आणि त्याची फौज इंग्रज सेनापती जॉन माल्कमने वीसेक किलोमीटरवर महूला ठेवली : दरबाराच्या नजरेआड, पण एका कूचच्या अंतरावर. १ जुलै १८५७ ला इंदूरच्या रेसिडेन्सीवर होळकरांच्या पदरच्या सादत खानाच्या पुढाकाराने हल्ला झाला, इंग्रजांचा प्रतिनिधी कर्नल ड्युरंड याला पळ काढावा लागला आणि त्याच रात्री महूची देशी पलटणही उठली.

गाडी मेन स्ट्रीटच्या टोकाला लावून पाऊण तास पायी फिरा. जुन्या छावण्यांची रचना ठरलेली असे. गोऱ्या अधिकाऱ्यांचे बंगले एका बाजूला, मोठ्या आवारात, रुंद झाडांच्या रस्त्यांवर. देशी शिपायांच्या लाइनी लांब दुसरीकडे. आणि सदर बाजार दोन्हींपासून वेगळा. बंगल्यांचे भाग ओळखायला शिका : तिन्ही-चारही बाजूंनी ओसरी, उतरतं कौलारू छप्पर, जाड भिंती, आणि छताखाली उंचावर छोट्या झरोक्यांची ओळ. गरम हवा वर जाऊन त्या झरोक्यांतून बाहेर पडावी आणि भिंतीवर थेट ऊन पडू नये, एवढाच त्यामागचा हिशेब.

इथे एक गोष्ट सक्त पाळा. महू आजही लष्कराचं गाव आहे. इन्फंट्री स्कूल, आर्मी वॉर कॉलेज, दूरसंचार अभियांत्रिकीचं लष्करी महाविद्यालय, सगळं इथे. लष्करी फाटक, पहारेकरी, पाट्या यांचे फोटो काढू नका. 'प्रवेश निषिद्ध' असलेल्या रस्त्यात गाडी घालू नका. सगळ्या मोठ्यांचं ओळखपत्र जवळ असू द्या, परदेशी पाहुणा असेल तर पासपोर्ट.

मग काली पलटण भागात भीम जन्मभूमी. १४ एप्रिल १८९१ ला बाबासाहेबांचा जन्म इथे झाला. वडील सुभेदार रामजी सकपाळ लष्कराच्या शाळेत शिकवत. काली पलटण म्हणजे देशी शिपायांची वस्ती. साहेबांच्या बंगल्यांतून थेट इथे आलात की छावणीची ती विभागणी सांगावी लागत नाही. स्मारकाची पायाभरणी १९९१ मध्ये जन्मशताब्दीला झाली आणि लोकार्पण १४ एप्रिल २००८ ला. चपला बाहेर काढायच्या, आवाज कमी ठेवायचा, अर्धा तास पुरतो. सरकारदरबारी गावाचं नाव २००३ पासून डॉ. आंबेडकर नगर आहे, त्यामुळे स्टेशनवर आणि रेल्वेच्या तिकिटावर तेच दिसेल.

पातालपाणीचा धबधबा जवळच आहे आणि गाडीतलं कोणीतरी त्याचं नाव काढणारच. नको म्हणा. पौणेनऊला महू सोडायचं.

मांडू : पहिला गट, जहाज महाल

महूहून पुढे नालछा गाठा आणि घाट चढा. पेट्रोल-डिझेल महूतच भरून घ्या. साडेदहापर्यंत मांडूत.

तिकिटं तीन ठिकाणी वेगवेगळी लागतात : जहाज महालाचा शाही परिसर, सुलतान होशंगशाहचा मकबरा आणि जामी मशीद, आणि रूपमतीचा मंडप. भारतीयांना पुरातत्त्व खात्याचा दर अशा वास्तूंना माणशी २५ रुपये, ऑनलाइन काढलं तर २०. पंधरा वर्षांखालच्या मुलांना लागत नाही. सहा मोठ्यांचे खिडकीवर ४५० होतात. पठारावर नेटवर्क कधीही दगा देतं, म्हणून तिकिटं इंदुरातच काढून स्क्रीनशॉट ठेवा आणि दीड-दोन हजार रोख सुट्टे जवळ असू द्या. ड्रोन आणू नका.

शाही परिसराला सव्वादोन तास द्या. तिन्ही गटांतला हाच सगळ्यात श्रीमंत. गाइडला सुरुवातीलाच सांगा : "आम्हाला पाणी दाखवा." पठारावर नदी नाही. राजधानीइतकी माणसं इथे जगली ती पावसाचं पाणी अडवून, साठवून आणि फिरवून. जहाज महाल मुंज आणि कपूर या दोन तलावांच्या मधल्या पट्टीवर उभा आहे. लांबी शंभर मीटरहून जास्त, रुंदी जेमतेम पंधरा. तो घियासुद्दीन खिलजीच्या काळातला (१४६९-१५००) मानतात. गच्चीवर गेलात की नुसते फोटो काढून उतरू नका. पाण्याच्या पन्हळी शोधा. एका ठिकाणी पन्हळ गोगलगायीसारखी वळत गेलेली आहे : पाण्याचा वेग मोडावा आणि गाळ मागे राहावा म्हणून. तिथून पाणी नक्षीदार हौदात पडतं. गच्चीच्या कडांना सगळीकडे कठडा नाही. सेल्फी काढताना मागे सरकणाऱ्यांवर आणि लहान मुलांवर लक्ष ठेवा. पावसाळ्यात शेवाळलेले दगड साबणासारखे होतात, रबरी तळाचे बूट हवेत.

मग हिंडोला महाल. त्याच्या भिंती बाहेरून तळाशी रुंद आणि वर आत झुकत गेलेल्या, साधारण ७७ अंशांच्या कोनात. झोपाळ्याची गोष्ट गाइड सांगेल, ती ऐका, आणि मग आत जाऊन वर बघा. छप्पर आता नाही, पण आडव्या कमानी जागेवर आहेत. त्या जड कमानी भिंतीला बाहेर ढकलतात आणि तो रेटा पेलायला भिंतींना तो उतार दिलेला आहे. जवळच चंपा बावडी : तिच्या पोटातून तळघरांच्या खोल्यांकडे वाटा जातात. भर उन्हात त्या खोल्यांमध्ये शिरलं की थंडावा अंगाला लागतो. त्यासाठीच त्या पाण्यालगत खोदलेल्या. शेजारच्या हमामच्या, म्हणजे स्नानगृहाच्या, छतातली चांदण्यांच्या आकाराची छिद्रं बघायला विसरू नका.

माकडं खूप आहेत. हातात पिशवी, केळी, वेफर्सचं पाकीट दिसलं की ती घेऊन जातात, ओढाओढ केलीत तर चावतात. कमानीखाली मधमाश्यांची पोळी असतील तर तिथे सिगारेट नको, आरडाओरडाही नको.

जेवण

मांडूला येऊन पंजाबी थाळी खाऊ नका. इथली गोष्ट म्हणजे दाल-पानिये : मक्याच्या पिठाचे गोळे पानांत दाबून गोवऱ्यांच्या आरावर भाजतात. भाजायला वेळ लागतो, त्यामुळे शाही परिसरात शिरण्याआधीच खानावळीत माणसं सांगून ठेवा, तासाभराने पान तयार मिळेल. पर्यटन महामंडळाच्या मालवा रिसॉर्ट आणि मालवा रिट्रीटमध्येही जेवता येतं, आणि घरच्या बायकांसाठी स्वच्छ स्वच्छतागृह हा त्यांचा मोठा फायदा. एकच वाजता बसा. सुट्टीच्या दिवशी दोननंतर जागा मिळत नाही.

रस्त्याकडेला फुगीर बुंध्याची झाडं दिसतात ती गोरखचिंच, इथे तिला खुरासानी इमली म्हणतात. मूळची आफ्रिकेची. फळातला गर आंबट आणि कोरडा असतो. आख्खं फळ घेण्यापेक्षा फोडलेल्या तुकड्यांची पुडी घ्या, आवडेलच असं नाही.

दुसरा गट

जामी मशिदीला, होशंगशाहच्या मकबऱ्याला आणि समोरच्या अशर्फी महालाला मिळून एक तास. मशिदीचं बांधकाम होशंगशाहने सुरू केलं, महमूद खिलजीने १४५४ मध्ये पुरं केलं. जोतं उंच आहे. गुडघेदुखीवाल्यांनी सावकाश चढावं. मागचा मकबरा संगमरवरी, ताजमहालाच्या दोनशे वर्षं आधीचा. तिथल्या दारावर १६५९ चा लेख आहे : शाहजहानच्या पदरचे वास्तुकार इथे येऊन गेल्याची नोंद. गाइड तो दाखवत नसेल तर मागून घ्या.

अशर्फी महाल आता बराच ढासळलेला. त्याच्या कोपऱ्यात महमूद खिलजीने मेवाडवरच्या विजयाचा सात मजली मनोरा उभारला होता. तिकडे चित्तोडला राणा कुंभाने याच महमूदवरच्या विजयाचा स्तंभ बांधला. दोघेही जिंकले! त्यांतला चित्तोडचा उभा आहे, मांडूचा तळ तेवढा उरलाय.

तिसरा गट : रेवा कुंड आणि रूपमती

गावापासून पाचेक किलोमीटर दक्षिणेला. साडेतीनला पोहोचा. आधी रेवा कुंड, मग बाज बहादूरचा महाल (कुंडाचं पाणी उचलून महालात कसं नेलं, त्या पन्हळीच्या कमानी बघा), मग रूपमतीची चढण. ही चढण पंधरा-वीस मिनिटांची आहे. ज्यांना झेपणार नाही त्यांनी बाज बहादूरच्या महालातच बसावं, तिथे सावली आणि वारा आहे.

रूपमतीचा मंडप मुळात निमाडच्या सपाटीवर नजर ठेवायची लष्करी चौकी होती. वरच्या छत्र्या नंतर आल्या. खाली तीनशे मीटरहून जास्त सरळ उतार. नर्मदा दिसते का, हा सगळ्यांचा प्रश्न. हवा अगदी स्वच्छ असेल तर क्षितिजाजवळ चकाकणारी रेघ दिसते, एरवी नाही. १५६१ मध्ये अकबराचा सरदार आदम खान चालून आला, बाज बहादूर पळाला आणि रूपमतीने विष घेतलं. ही गोष्ट ऐकायला हीच जागा बरी.

पावसाळ्यात हा क्रम बांधून ठेवू नका. धुकं कधी फाटेल हे गाइडला कळतं. तो "आत्ता चला" म्हणाला तर जेवण अर्धं ठेवून निघा.

नीलकंठाचं मंदिर वेगळ्या दिशेला आणि साठेक पायऱ्या खाली आहे. कोणाला दर्शन हवंच असेल तर अशर्फी महाल वगळून तिथे जा, दोन्ही बसत नाहीत.

परत येताना

सव्वापाचला मांडू सोडा. घाट उजेडात उतरला पाहिजे. परतीला धारचा रस्ता घ्या, पुढे इंदूरपर्यंत चौपदरी आहे. धारचा किल्ला गाडीतूनच दाखवा : पवारांची राजधानी, आणि दुसरा बाजीराव पेशवा १७७५ मध्ये याच किल्ल्यात जन्मला. उतरून बघायला धारला वेगळा अर्धा दिवस द्यावा.

गाइडचे पैसे रूपमतीलाच, कबूल केले तेवढे रोख द्या. दुकानात नेऊन 'कपड्याची छपाई बघा' म्हणाला तर बघायला हरकत नाही, पण वेळ तुमच्या पाच तासांतून जातो. गाडीचं मीटर निघताना आणि पोहोचताना फोटो काढून ठेवा, टोलच्या पावत्या ड्रायव्हरकडून मागून घ्या आणि हिशेब राऊ सर्कलच्या आधीच करून टाका, म्हणजे वाटेत उतरणाऱ्यांचा वाटा तिथेच मिळतो.